निर्वासित पोरगा, मुंबईचा खासदार

हेडफोन लावले ना? आज बोलू सुनील दत्त यांच्याबद्दल. आपल्या पिढीला ते ‘मुन्नाभाई एमबीबीएस’मधले वडील म्हणून माहीत. पण हा माणूस आधी निर्वासित होता.

जन्म 1929 चा, झेलम जिल्ह्यातल्या नक्का खुर्द गावचा. लहानपणीच वडील गेले. 1947 ला फाळणी झाली, तेव्हा वय 18. दंगलीत या हिंदू कुटुंबाला वाचवलं ते वडिलांच्या मुसलमान मित्रानं, याकूबनं. ही आठवण दत्तसाहेब स्वतः सांगायचे.

पुढे मुंबई. शिक्षण जयहिंद कॉलेजात. ते कॉलेजही कराचीहून आलेल्या सिंधी प्राध्यापकांनी 1948 मध्ये उभं केलेलं. पोटासाठी बेस्टमध्ये नोकरी. मग रेडिओ सिलोन, 1955 ला पहिला सिनेमा, 1957 ला ‘मदर इंडिया’.

आता बघा, पोरगा कष्टाळू होताच. पण एकानं जीव वाचवला, एका कॉलेजनं प्रवेश दिला, एका खात्यानं पगार दिला. बाहेरून आलेला माणूस रुजतो तो असा. एकट्याच्या जिद्दीनं नाही होत ते.

1984 ला ते खासदार झाले आणि पुढं एकूण पाच वेळा निवडून आले. झोपडपट्टीतल्या लोकांच्या बाजूनं ते उभे राहिले. 1987 मध्ये शांततेसाठी मुंबई ते अमृतसर, सुमारे 2000 किलोमीटर पायी चालले. 1993 च्या दंगलीनंतर निषेध म्हणून राजीनामा दिला.

तुम्ही म्हणाल, याचा वसमतशी काय संबंध? आहे ना! 1972 च्या दुष्काळात मराठवाड्यातली किती घरं मुंबई-पुण्याला गेली, जरा आज्जीला विचारा. त्यातली बरीच झोपडपट्टीतच राहिली. आपण निर्वासित नव्हतो, कारण देश आपलाच होता. घटनेचं कलम 19 सांगतं, भारतीय नागरिक देशात कुठंही राहू शकतो. 1985 च्या ओल्गा टेलिस खटल्यात सुप्रीम कोर्टानं उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात धरला. पण त्याच निकालानं फूटपाथवरची घरं हटवायची मुभाही ठेवली. म्हणजे कागदावर हक्क मिळाला, तरी डोक्यावर छप्पर मिळेलच असं नाही.

मी पुण्यात सॉफ्टवेअरचं काम करतो. इथं खोली शोधताना “मूळ गाव कोणतं? आडनाव काय?” हे आधी विचारतात. भाडं परवडतं का, ते नंतर. आपल्याला ते टोचतं. मग आपल्याच गावात बांधकामावर आलेल्या परराज्यातल्या मजुराला आपण “हे बाहेरचे” म्हणतो, ते त्याला टोचत नसेल?

दत्तसाहेब 2005 ला गेले. याकूबसारखं जीव वाचवायची वेळ आपल्यावर बहुतेक येणार नाही. पण रूममध्ये एक जागा रिकामी असेल, ऑफिसात रेफरल द्यायचा असेल, तर नवख्या माणसाला आडनाव न विचारता हो म्हणता येतं. एवढं तर जमेल ना?