आळशाचे खरे-खोटे सोयरे



आजचा विषय फलकावर वाचून काहींच्या कपाळाला आठ्या पडल्या असतील. आंबे उतरवण्याचे दिवस, आणि हे गृहस्थ आळशी प्राण्यावर बोलणार! पण ज्याला साऱ्या जगाने आळशी ठरवले त्याची बाजू कोणीतरी मांडायला हवी. शिवाय त्याच्या सोयऱ्यांचा माग काढता काढता आपण आपल्याच कोकणातल्या रानात येणार आहोत, एवढे आश्वासन आधीच देऊन ठेवतो.

हा प्राणी म्हणजे स्लॉथ. इंग्रजीत या शब्दाचा अर्थच मुळी आळस. मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या जंगलांत हा वाकड्या नखांनी फांदीला उलटा लटकून असतो. त्याच्या केसांत हिरवे शेवाळ वाढते. जमिनीवर उतरायचे ते आठवड्यातून एखादे वेळी, तेही मलविसर्जनापुरते. बफाँ या फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञाने तर, यात आणखी एक व्यंग असते तर हा जीव जगलाच नसता, अशा अर्थाचे लिहून ठेवले. पॅरिसमध्ये बसून असे लिहिणे सोपे असते. पानांत कस थोडा, आणि ती पचायला कधी कधी महिनाही लागतो. मिळकत बेताची, म्हणून खर्चही बेताचा. याला आपण घरात काटकसर म्हणतो, आळस म्हणत नाही. त्याचा वैरी हार्पी गरुड. हालचाल दिसली की तो झडप घालतो. तेव्हा निश्चल राहणे हीच स्लॉथची ढाल. पाण्यात मात्र हाच ‘आळशी’ उत्तम पोहतो.

आता सोयऱ्यांकडे वळू. १७५८ साली लिनियसने प्राण्यांची वर्गवारी केली, तेव्हा स्लॉथ, अमेरिकेतला मुंगीखाऊ, आपल्याकडचे खवले मांजर आणि चक्क हत्ती, अशी सारी मंडळी त्याने एकाच गणात बसवली! पुढे हत्ती सुटला आणि ‘अदंत’ असा गण झाला. गंमत अशी की, या अदंतांपैकी स्लॉथला दाढा आहेत आणि आर्मडिलोला तर दातांची रांगच आहे. स्लॉथ, मुंगीखाऊ आणि आर्मडिलो यांचे नाते मात्र खरे निघाले. त्यांचाच एक अवाढव्य पूर्वकालीन भाऊबंद, हत्तीच्या तोलाचा मेगाथेरियम. त्याच्या अर्जेंटिनात सापडलेल्या सांगाड्यावरून क्यूव्हिएने १७९६ मध्ये हे नाते ओळखले.

दुसरी फसगत आपल्या अस्वलाच्या बाबतीत झाली. १७९१ साली शॉ या इंग्रज शास्त्रज्ञाने लांब नखे आणि वरच्या जबड्यातले नसलेले पुढचे दोन दात पाहून त्याला स्लॉथच ठरवून टाकले. वास्तविक ही नखे वारूळ फोडण्यासाठी, आणि दातांची ती फट वाळवी ओढून घेण्यासाठी. पुढे चूक उमगली; पण इंग्रजीत बिचारे आजही ‘स्लॉथ अस्वल’च आहे.

आणि खवले मांजर? त्याला दात नाहीत, जीभ लांबलचक, खाणे मुंग्या-वाळवीचे. मुंगीखाऊसारखे दिसते खरे, पण धंदा एक म्हणून हत्यारे सारखी. कूळ एक नव्हे. जनुकांच्या अभ्यासातून आता दिसते की, त्याचे सर्वांत जवळचे हयात नातलग म्हणजे मांसभक्षक गण. कुत्री, अस्वले आणि अर्थात मांजरे त्यातच येतात. म्हणजे शास्त्रज्ञांनी ज्या दोघांना स्लॉथच्या घरात ढकलले, ते अस्वल आणि खवले मांजर एकमेकांनाच अधिक जवळचे! आणि आमच्या खेडुतांनी याला मांजर म्हटले ते शास्त्र पाहून नव्हे, पण निशाण लिनियसपेक्षा जवळ लागले.

मात्र याच प्राण्याविषयीचा एक गैरसमज त्याच्या जिवावर उठला आहे. त्याच्या खवल्यांत औषधी गुण असल्याच्या समजुतीने त्याची चोरटी शिकार होते. खवले कसले? तुमच्या-माझ्या नखांत जे केराटिन असते, तेच त्यात. त्यातून काही औषध निघत असते तर न्हाव्याच्या दुकानात दवाखाना निघाला असता. संकट आले की हे जनावर अंगाचे वेटोळे करून बसते. बिबट्याला ते सहजी उलगडत नाही. माणूस मात्र उचलून पोत्यात घालतो. मादीला बहुधा एका वेळी एकच पिलू होते, त्यामुळे गेलेली संख्या लवकर भरून निघत नाही. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याची शिकार हा गुन्हा ठरवला आहे. २०१६ मध्ये जोहान्सबर्गच्या परिषदेत जगातल्या आठही जातींच्या व्यापारावर बंदीचा निर्णय झाला, तरी चोरवाटा बंद झालेल्या नाहीत.

आपल्या शेजारच्या रत्नागिरी जिल्ह्यात, चिपळूण तालुक्यातल्या डुगवे गावाने फेब्रुवारी २०२० मध्ये ‘खवलोत्सव’ केला. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेचे लोक त्यामागे होते. गावकऱ्यांनी खवले मांजराची प्रतिकृती पालखीत बसवून ती मिरवली. रात्री वाडीत असे वेटोळे दिसले तर काय करावे, असे मघाशी एका गृहस्थांनी विचारले. हात लावू नये, कुत्री बांधून ठेवावीत, आणि वनखात्याला १९२६ या क्रमांकावर कळवावे. बहुधा ते येईपर्यंत जनावर आपल्या वाटेने निघून गेलेले असते.