केसाने कापलेला गळा



पैलवानाला आखाड्यात चीत करायला दुसरा तगडा पैलवान लागतो. पण घरात त्याला पाडायला गोड बोलणारे एक माणूस पुरते. 'तुझ्यात जीव रंगला' ही मालिका ऑक्टोबर २०१६ मध्ये सुरू झाली आणि जानेवारी २०२१ पर्यंत चालली. तिचे बरेचसे चित्रण झाले आपल्या करवीर तालुक्यातल्या वसगडे गावी. वाडा पाहायला माणसे लांबून येत. राणादा अंगाने पैलवान, मनाने भोळा. त्याची वहिनी नंदिता. तिचा डोळा घरच्या इस्टेटीवर. प्रेक्षक राणादावर जीव टाकीत आणि वहिनीच्या नावाने बोटे मोडीत.

हे असे का व्हावे? परक्याने लुबाडले तर ती चोरी. पण विश्वासघात करायला आधी विश्वास लागतो, आणि तो घरच्याच माणसावर असतो. म्हणून तो जिव्हारी लागतो. मग प्रेक्षक वाट पाहतो ती सुडाची. मालिकेलाही सूड सोयीचा. एक डाव संपला की दुसरा मांडता येतो, उद्याचा भाग तयार! पण आपल्या बांधावरचे भांडण असे लांबले, तर नातवंडेही कोर्टाच्या पायऱ्या चढत राहतात.

याच कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी १९२५ साली 'सावकारी पाश' हा मूकपट काढला. त्यातला तरुण शेतकरी म्हणजे व्ही. शांताराम. सावकार त्याची जमीन गिळतो आणि तो गाव सोडून शहरात मजुरीला जातो. सुडाचे समाधान बाबूरावांनी प्रेक्षकाला दिले नाही. घरी जाताना मनात एकच प्रश्न राहावा : हे थांबवायचे कसे?

याचे उत्तर साधे आहे. 'आपलीच माणसे आहेत, वाचायचे काय त्यात?' असे म्हणून अंगठा उठवू नका, सही करू नका. सातबारा अधूनमधून पाहत जा. बहिणीकडून हक्कसोडपत्र घेताना ते तिला आधी वाचून दाखवा. वाचणे म्हणजे अविश्वास नव्हे. उलट, नाते टिकवण्याची ती रीत आहे.

गुरुजी, मालिकेतली अंजली तुमच्याच पेशातली, शिक्षिका. उद्या वर्गात मालिकेचा विषय निघाला, तर 'सूड कसा घेतला?' हे मुलांना विचारू नका. 'फसवणूक पहिल्यांदा कुठे टळली असती?' एवढेच विचारा. उत्तर देता देता पोरे घरचे कागदही वाचू लागतील.