इलिओट्रिस: नाव कुणाचं, मासा कुठला
(वसंत व्याख्यानमालेत दिलेलं व्याख्यान)



पत्रिकेत विषय छापला आहे 'झोपाळू माशांचं शास्त्रीय नाव'. आत येताना दारातच एका काकूंनी विचारलं, "मासा चवीला कसा, ते सांगणार ना?" (हशा) सांगणार. पण मला जे मुख्य सांगायचं आहे ते आधी सांगून टाकतो, म्हणजे पुढे वेळ कमी पडला तरी ते राहून जाणार नाही. शास्त्रीय नाव समोर आलं की आपण पहिल्यांदा त्याचा अर्थ विचारतो. ते नाव नेमक्या कुठल्या माशाला दिलं होतं आणि तो मासा आज कुठल्या संग्रहालयात, कुठल्या बाटलीत आहे, हे कुणी विचारत नाही. माझ्या मते सगळं नामकरण या दुसऱ्या प्रश्नावर उभं आहे.

वंश, जाती, कुल, लिनिअसची दोन शब्दांची पद्धत हे तुमचं शाळेत झालेलं आहे, ते सोडून देतो. खाडीकाठच्या गावात निवटी आणि खरबी कशा दिसतात हेही मी सांगायचं कारण नाही. हे सगळे गोबी, आणि झोपाळू मासे त्यांचे भाऊबंद. इंग्रजीत त्यांना स्लीपर म्हणतात. अमेरिकेच्या किनाऱ्यावरच्या एका वंशाला 1861 मध्ये लॅटिन नाव मिळालं डॉर्मिटेटर, म्हणजे पुन्हा झोपणाराच. कारण दिवसभर हे मासे तळाच्या गाळात, बुडलेल्या फांदीला लागून, दगडाच्या कपारीत निपचित पडलेले असतात. पण ते झोपलेले नसतात. कोळंबी किंवा पिल्लू तोंडाच्या टप्प्यात आलं की डोळ्याचं पातं लवायच्या आत ते पोटात जातं.

आता पडद्यावर बघा. ही पोटाकडची बाजू. खरबीचे पोटाखालचे दोन पर एकमेकांना जुळून त्यांची वाटी झालेली दिसते. शेजारच्या चित्रात झोपाळूचे तेच दोन पर सुटे आहेत. हा मोठा फरक, अपवाद दोन्हीकडे आहेत. पण इलिओट्रिस या वंशाची खरी खूण दिसत नाही, ती बोटाला लागते. डोळ्याच्या मागे, गालाच्या कडेवर, कातडीखाली एक काटा दडलेला असतो, टोक खाली वळलेलं. ओल्या माशाच्या गालावरून अंगठा हलकेच फिरवला की तो टोचतो. पुढच्या खेपेला जाळ्यात काळपट, चपट्या डोक्याचा, सुट्या परांचा मासा आला तर एवढं करून बघा.

आता नावाकडे येतो. इलिओट्रिस हा ग्रीक शब्द. इसवी सन 200 च्या सुमाराला अथेनिअस नावाचा एक लेखक होऊन गेला. मूळचा इजिप्तमधल्या नॉक्रॅटिसचा, म्हणजे नाईलच्या मुखाकडचाच. त्याने विद्वानांच्या जेवणावळीवर एक प्रचंड ग्रंथ लिहिला, आणि त्यात नाईलमधल्या माशांची एक यादी दिली. त्या यादीत इलिओट्रिस आहे. बस. रंग नाही, आकार नाही, चव नाही. दोन्ही बाजूंना दुसऱ्या माशांची नावं आणि मध्ये हे एक.

पुढे 1763 मध्ये लायडनच्या ग्रोनोव्हियसने हे नाव उचललं आणि आपल्या संग्रहातल्या एका माशाला दिलं. त्याचं पुस्तक दोन शब्दांच्या पद्धतीत बसत नाही म्हणून विसाव्या शतकात आंतरराष्ट्रीय आयोगाने ते नामकरणासाठी बाद ठरवलं. म्हणून आज इलिओट्रिसच्या पुढे ब्लॉख आणि श्नायडर, 1801 असं लिहितात. ब्लॉख बर्लिनचा डॉक्टर, माशांचा वेडा. तो 1799 मध्ये वारला आणि त्याचं अपुरं पुस्तक श्नायडरने पुरं केलं. हा श्नायडर मुळात ग्रीकचा पंडित, ग्रीक भाषेचा कोशकार. अथेनिअसची ती यादी त्याला माहीत नसेल असं मला वाटत नाही.

आणि वंशाचा आदर्श मासा, म्हणजे वंशाचं नाव ज्या जातीशी बांधलेलं असतं ती, कुठला? ब्राझीलचा! सतराव्या शतकात ईशान्य ब्राझीलवर डचांचा अंमल होता. तिथे गेलेल्या गेऑर्ग मार्कग्राफ या जर्मन तरुणाने तिथले मासे, पक्षी, झाडं टिपून ठेवली. टिपणं त्याने स्वतःच्या सांकेतिक लिपीत लिहिली होती. पुस्तक निघायच्या आधीच तो अंगोलात वारला. दुसऱ्याने ती लिपी उलगडून 1648 मध्ये ग्रंथ छापला. त्यातल्या एका माशावरून 1789 मध्ये ग्मेलिनने जातीचं नाव ठेवलं पिसोनिस. हे नाव पिसोचं, म्हणजे त्याच मोहिमेवरच्या वैद्याचं, ज्याचा वैद्यकीय भाग त्याच ग्रंथात होता. मासे पाहिले मार्कग्राफने आणि नाव लागलं पिसोचं. मला याचं आजही वाईट वाटतं.

आता सांगा, नाईलच्या यादीतलं नाव, ब्राझीलचा मासा आणि बर्लिनचं पुस्तक. यात अर्थ शोधून काय हाती लागणार? आपल्याकडे एखाद्या जमिनीला 'वडाचा माळ' म्हणतात. वड कधीच पडलेला असतो, पण सात-बारा त्याच नावावर चालतो, कारण हद्दी मोजलेल्या असतात. शास्त्रीय नावाचं अगदी तसं आहे. हद्द म्हणजे नमुना, जपून ठेवलेला.

(सभागृहातून: "मग शब्दाचा अभ्यास वायाच का?")

नाही, वाया नाही. माझ्यावर हा आरोप नेहमी होतो आणि मी तो मान्य करत नाही. शब्दाचा इतिहास मला प्रिय आहे, म्हणून तर अथेनिअस सांगितला. माझं म्हणणं एवढंच की मासा ओळखायला तो इतिहास उपयोगी पडत नाही. त्याला दुसरं काहीतरी लागतं, आणि ते काय लागतं हे दाखवणारा माणूस जपानच्या राजवाड्यात होता.

अकिहितो, जन्म 1933. 1989 मध्ये सम्राट झाले, 2019 मध्ये पायउतार झाले, हे वर्तमानपत्रात वाचलेलं असेल. त्यांचा खरा व्यासंग गोबी. युवराज असताना 1963 मध्ये त्यांचा गोबींच्या खांद्याच्या हाडावर निबंध प्रसिद्ध झाला. आणि 1967 मध्ये, वयाच्या चौतिशीच्या आत, त्यांनी जपानमधल्या इलिओट्रिसच्या चार जातींवर निबंध लिहिला. मंडळी, हे काम किती अवघड आहे ते लक्षात घ्या. हे सगळे मासे काळपट तपकिरी. तळ बदलला की रंग गडद किंवा फिका. परांच्या काड्या मोजाव्यात तर आकडे जवळपास सारखेच येतात. म्हणून दीडशे वर्षं लोक मिळेल तो मासा हाताशी असलेल्या नावात घालत होते.

अकिहितोंनी गाल बघितले. या माशांच्या गालावर आणि कल्ल्याच्या झाकणावर अगदी बारीक उंचवट्यांच्या रांगा असतात. पाण्याची हालचाल त्यांतून माशाला कळते. नुसत्या डोळ्यांना त्या दिसल्या न दिसल्यासारख्या, पण भिंगाखाली आडव्या-उभ्या ओळी स्पष्ट होतात. कुठली रांग कुठवर जाते, झाकणावरची वरची ओळ खालच्या ओळीला मागे मिळते की नाही, यावर एकेक जात सुटी होते. रंग बदलला तरी या रांगा बदलत नाहीत. राजघराण्यातला माणूस भिंगाला डोळा लावून माशाच्या गालावरचे ठिपके जुळवत बसला होता, हे चित्र मला फार मोलाचं वाटतं. नंतर अमेरिका आणि पश्चिम आफ्रिकेच्या इलिओट्रिसचा फेरविचार झाला तेव्हाही या रांगांचाच आधार घेतला गेला. लिनिअसच्या जन्माला तीनशे वर्षं झाली त्या 2007 साली अकिहितोंनी लंडनच्या लिनिअन सोसायटीत व्याख्यान दिलं, विषय होता लिनिअस आणि जपानमधलं वर्गीकरणशास्त्र. आणि त्याच वर्षी त्यांनी जाहीरपणे खंत व्यक्त केली. 1960 मध्ये त्यांना शिकागोच्या महापौरांनी ब्लूगिल मासे भेट दिले होते, त्यांनी ते संशोधनाला दिले, आणि पुढे त्या माशांनी जपानच्या तळ्यांत धुमाकूळ घातला. सम्राटाने एका माशाबद्दल...

(कार्यवाह चिठ्ठी देतात.)

दहा मिनिटं म्हणतायत. (हशा) दहा नाहीत, मला पंधरा द्या. या चार जातींचं पुढचं महत्त्वाचं आहे. ठिपक्यांवरून चार जाती सुट्या झाल्या, पण कुणाला कुठलं नाव? त्यातल्या मेलॅनोसोमा आणि अ‍ॅकॅन्थोपोमा ही नावं ब्लीकरची, म्हणजे डच ईस्ट इंडीजमधल्या लष्करी डॉक्टरची, 1850 च्या दशकातली. त्याचे मासे बहुतांशी लायडनला जपलेले आहेत. फुस्का हे नाव फॉर्स्टरचं. तो कॅप्टन कुकच्या दुसऱ्या सफरीवर होता, आणि ते नाव 1801 च्या त्याच पुस्तकात आलं. फुस्का आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून पॅसिफिकच्या बेटांपर्यंत सापडतो, आपल्या किनाऱ्यालाही. अशा वेळी जुन्या माशाच्या गालावरचे ठिपके मोजता आले तर प्रश्न सुटतो. मासाच ठेवलेला नसेल तर काय करणार?

हे आपल्या घरचं उदाहरण. ग्लोसोगोबियस ज्युरिस, म्हणजे आपली खरबी. नाव दिलं फ्रान्सिस हॅमिल्टनने, गंगेच्या माशांवरच्या 1822 च्या ग्रंथात. हा आधी बुकॅनन, नंतर हॅमिल्टन, कंपनीचा डॉक्टर. त्याने बंगालभर फिरून मासे पाहिले आणि स्थानिक नावांना शास्त्रात मान दिला: रोहिता, कत्ला, मृगाला. याबद्दल मी त्याला मनापासून मानतो. पण त्याने नमुने ठेवले नाहीत. राहिली ती वर्णनं आणि चित्रं, आणि ती चित्रंसुद्धा भारत सोडताना त्याला नेऊ दिली नाहीत. ब्यूटिस ब्यूटिस, खारफुटीच्या फांदीला उलटा चिकटून राहणारा झोपाळू, तोही त्याचाच, त्याचीही बाटली नाही. ज्युरिस या एका नावाखाली आज एकाहून अधिक जाती असाव्यात असं अभ्यासक म्हणतात, आणि मूळ ज्युरिस कोणता हे दाखवायला बोट ठेवावं असा मासा नाही.

आता भराभर. कुलाचं नाव: इलिओट्रिडी, बोनापार्ट, 1835. हा नेपोलियनचा पुतण्या, पण त्यात शिरत नाही. ग्रीक व्याकरणाप्रमाणे रूप इलिओट्रिडिडी व्हायला हवं, आणि अनेक चांगले अभ्यासक तसं लिहीत असत. होज आणि गिल यांच्या 1993 च्या निबंधाच्या शीर्षकातही तेच लांब रूप आहे. आज बहुसंख्य लोक आखूड रूप लिहितात आणि नियमही रुळलेल्या वापराला मान देतो. परीक्षेला बसणाऱ्यांनी आखूड लिहावं.

सुटे पर दिसले की मासा इलिओट्रिडीत, असं दीर्घकाळ चाललं. तिथे नको इतकी गर्दी झाली. मग हाडांवरून आणि पुढे डीएनएवरून कुल फुटलं. ईशान्य आशियातला आमूर झोपाळू, जो आता युरोपात माजला आहे, तो ओडोंटोब्यूटिडीत गेला. आपला ब्यूटिस ब्यूटिडीत. ऑस्ट्रेलियाच्या गुहेतला आंधळा मिलिएरिंगा आणि मादागास्करच्या गुहांतला आंधळा टायफ्लिओट्रिस, मध्ये अख्खा हिंदी महासागर, तरी एकमेकांचे सख्खे, असं 2012 मध्ये दिसून आलं. यावर एक वेगळं व्याख्यान द्या, मी येईन. (टाळ्या)

काकू, तुमचं उत्तर. या मंडळींतला सर्वांत महागडा मासा संगमरवरी झोपाळू, ऑक्सिइलिओट्रिस मार्मोराटा. सिंगापूरला त्याला सून हॉक म्हणतात, अख्खा वाफवून वाढतात. मांस पांढरं, घट्ट, काटे कमी. आणि तोही आता इलिओट्रिडीत नाही, ब्यूटिडीत आहे. (हशा) चव मात्र तीच राहिली.

एक चिठ्ठी आली आहे: "मराठी नाव का ठेवत नाही? तुम्हाला मराठीचं वावडं आहे का?" मी पूर्ण व्याख्यान मराठीत दिलं आहे. वावडं नाही. खरबी हे नाव मला ज्युरिसइतकंच मोलाचं आहे. पण ते मी घरात बसून घडवायचं नाही, जाळं टाकणाऱ्याच्या तोंडून घ्यायचं. दोन खाड्यांत नाव बदलतं, तर दोन्ही लिहून घ्यायची.

घंटा ऐकली, संपवतो. जवळच्या महाविद्यालयात प्राणिशास्त्राचा विभाग असेल, तिथे मासा नेऊन द्या. बर्फात ठेवून, शक्य तर त्याच दिवशी, कारण गालावरची कातडी सोलवटली की ठिपके गेले. बरोबर चिठ्ठी द्या: गाव, खाडी किंवा ओढा, तारीख, कुठल्या जाळ्यात आला, पाणी गोडं की मचूळ, आणि पकडणाऱ्याने त्याला काय म्हटलं. चिठ्ठी पेन्सिलीने लिहा, शाई स्पिरिटमध्ये उतरते. आणि ती बाटलीच्या आत टाका. बाहेर चिकटवलेली गळून पडते.