डोळा आणि खुंट



संत्र्याच्या बागा ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना डोळा भरणे म्हणजे काय हे सांगावयास नको. जंबेरीच्या खुंटावर चांगल्या झाडाचा डोळा बसवावयाचा. तो जीव धरून वाढला की फळ डोळ्याच्या नावाने बाजारात जाते; खुंटाचे नाव कोणी काढीत नाही. आज ज्या शहराविषयी आम्ही बोलणार आहोत, त्याची हकीकत काहीशी अशीच आहे.

कॅलिफोर्नियातील रिव्हरसाइड हे ते शहर. १८७० साली जॉन नॉर्थ आणि त्यांच्या सोबत्यांनी ते वसविले. पाऊस बेताचा, जमीन कोरडी. सांता आना नदीचे पाणी कालव्याने आणले तेव्हा कोठे शेती उभी राहिली. १८७३ साली एलायझा टिबेट्स या बाईंना वॉशिंग्टनच्या शेतकी खात्याकडून कलमे मिळाली. जात मूळची ब्राझीलमधील बाहियाची. फळाच्या टोकाला बेंबीसारखी खूण, म्हणून नाव नेव्हल. बाईंनी भांडी धुतलेल्या पाण्यावर ती कलमे जगविली, अशी तिकडे आख्यायिका आहे.

हे फळ आपल्या संत्र्यापेक्षा मोसंबीला जवळचे. गोड, जाड सालीचे आणि बिनबियांचे. बी नाही, म्हणून डोळे भरूनच त्याचा विस्तार झाला. १८८२ पर्यंत कॅलिफोर्नियात सुमारे पाच लाख लिंबूवर्गीय झाडे होती. त्यांतील जवळजवळ निम्मी एकट्या रिव्हरसाइडची! १८९५ च्या सुमारास दरडोई संपत्तीत हे गाव अमेरिकेत सर्वांत श्रीमंत गणले जात होते.

पण नुसत्या झाडाने गाव श्रीमंत होत नाही. दलालांच्या हातून सुटण्यासाठी दक्षिण कॅलिफोर्नियाच्या बागाईतदारांनी १८९३ साली सहकारी विक्रीसंघ काढला. सनकिस्ट हे नाव पुढे त्यातूनच आले. १९०७ साली रिव्हरसाइडला फळसंशोधन केंद्र निघाले आणि त्याच्याच आधारे १९५४ साली तेथे विद्यापीठाचे महाविद्यालय सुरू झाले.

आता खुंटाकडे वळू. फळे तोडली, पेट्या भरल्या, त्या प्रथम चिनी मजुरांनी. मग जपानी, कोरियन आणि मेक्सिकन मजुरांनी. १९१३ च्या कायद्याने जपान्यांना त्या राज्यात जमिनीची मालकी नाकारली. जुकिची हराडा नावाच्या खानावळवाल्याने १९१५ साली अमेरिकेत जन्मलेल्या आपल्या मुलांच्या नावे तेथे घर घेतले. शेजारी चवताळले, सरकारने दावा लावला. १९१८ साली न्यायालयाने मुलांचा हक्क मान्य केला. ते घर ज्या रस्त्यावर उभे आहे, त्याचे नाव लेमन स्ट्रीट, म्हणजे लिंबाचा रस्ता! रस्त्याला फळाचे नाव देण्यास कोणाची हरकत नव्हती; ज्यांच्यासारख्यांच्या हातांनी ती फळे उतरविली, त्यांनी तेथे राहण्यास मात्र होती.

टिबेट्सबाईंच्या मूळ कलमांपैकी एक झाड त्या शहरात आजही जपून ठेवले आहे, आणि ते योग्यच आहे. आपल्याही गावांची भरभराट मोजताना डोळ्याचे कौतुक अवश्य करावे. परंतु मातीत कोण उभे होते, हेही एकदा वाकून पाहावे, एवढेच आमचे सांगणे आहे.