कमळ ऊर्फ पद्म

(संस्थेच्या रौप्यमहोत्सवी समारंभात केलेलं भाषण. स्मरणिका समितीच्या आग्रहावरून आठवेल तसं लिहून काढलं आहे.)



आजच्या निमंत्रणपत्रिकेवर माझ्या नावानंतर छापलंय, 'यांच्या करकमलांनी दीपप्रज्वलन'. पत्रिका घरी आली तेव्हा आमच्या सौ.नी ती वाचली, माझ्या हातांकडे बघितलं आणि विचारलं, "यात कमळ कुठे आहे?" तिचं बरोबर आहे. छत्तीस वर्षं या हातांनी नोटा मोजल्या, शिक्के मारले, लोकांच्या अंगठ्यांना शाई लावली. पण पत्रिका म्हटली की हात हा करकमलच असतो, आणि पूर्वीच्या पत्रांत वडिलांचे पाय चरणकमलच असायचे, मग त्या पायांना कितीही भेगा असोत.

तेव्हा ठरवलं, पंचवीस वर्षांचा आढावा सचिव घेणारच आहेत, पाण्याच्या टाकीचा इतिहासही ते सांगतील. आपण कमळाबद्दल बोलावं. एका फुलाचं नाव किती ठिकाणी जाऊन बसलंय, ते बघावं. शेवटी माझ्या नोकरीतली एक गोष्ट सांगणार आहे. ती फारशी कौतुकाची नाही, आणि खरं म्हणजे तीच सांगायची आहे.

आधी नावं. कमळाची नावं तयार करायची एक सोपी रीत आहे. पाण्याला जितके शब्द, त्या प्रत्येकापुढे 'ज' लावायचा. 'ज' म्हणजे जन्मलेलं. नीर म्हणजे पाणी, म्हणून नीरज. अंबु म्हणजे पाणी, म्हणून अंबुज. तसंच जलज, वारिज. सर म्हणजे तळं, म्हणून सरोज. आणि पंक म्हणजे चिखल, म्हणून पंकज. आता चिखलात बेडूकही जन्मतो, पण बेडकाला कोणी पंकज म्हणत नाही. जुन्या व्याकरणात 'योगरूढ' शब्दाचं उदाहरण म्हणून पंकजच देतात. शब्दाची फोड कितीही लोकांना लागू पडो, रूढी ज्याला देईल त्याचंच ते नाव.

रंगावरून वेगळी नावं. पांढरं ते पुंडरीक, तांबडं ते कोकनद, निळं ते इंदीवर. पंढरीच्या वाटेवर ज्याचं नाव घेतल्याशिवाय गजर होत नाही तो पुंडलीक म्हणजे या पुंडरीकाचंच रूप. सकाळी उमलतं ते कमळ आणि चंद्र बघून उमलतं ते कुमुद, असं आपले जुने कवी मानत आले. वनस्पतिशास्त्रातही ही दोन वेगळी कुळं आहेत. ओळखायची खूण सोपी आहे. कुमुदाचं पान पाण्यावर पसरतं आणि त्याला देठापाशी एक चीर असते. कमळाचं पान अखंड गोल असतं आणि छत्रीसारखं पाण्याच्या वर उभं राहतं. त्यावर पाणी ठरत नाही, कारण पानावर अतिशय बारीक उंचवटे आणि त्यांवर मेणाचा थर असतो. थेंब घरंगळताना धूळही घेऊन जातो. गीतेच्या पाचव्या अध्यायात कर्म करून अलिप्त राहणाऱ्याला याच पानाची उपमा दिली आहे.

आपल्या संस्थेचं सभासद रजिस्टर चाळलं तर त्यात अर्धं तळं सापडेल. राजीव आहेत, अरविंद आहेत, पंकज आहेत, सगळे कमळच. पद्माकर आणि कमलाकर आहेत, म्हणजे कमळांचं तळं. बायकांत कमल, पद्मा, नलिनी, सरोजिनी. कमल हे नाव आपल्याकडे बाईचं आणि उत्तरेत बऱ्याचदा पुरुषाचं. आमच्या शाखेतून एकदा उत्तरेकडच्या एका खातेदाराला 'श्रीमती कमल' असं पत्र गेलं होतं. उत्तर आलं ते मिशीला पीळ देऊनच लिहिलेलं असणार.

आता माझा जिव्हाळ्याचा विषय, आकडे. आपण वर्तमानपत्रात 'अब्ज' वाचतो. एक अब्ज म्हणजे शंभर कोटी. या अब्जाची फोड करा. अप् म्हणजे पाणी, त्यात जन्मलेलं ते अब्ज. म्हणजे पुन्हा कमळच! भास्कराचार्यांनी ११५० साली 'लीलावती' लिहिली, त्यात संख्यांच्या यादीत अब्ज आहे आणि पुढे महापद्मही आहे. महापद्म म्हणजे एकावर बारा शून्यं. इतकी शून्यं मी बँकेतही कधी एका ओळीत लिहिली नाहीत.

त्याच लीलावतीत कमळाची दोन सुंदर गणितं आहेत. मुलांनो, कागद घ्या. पहिलं असं. तळ्यात कमळाची कळी पाण्याच्या वर अर्धा हात दिसते आहे. वाऱ्याने ती हळूहळू झुकली आणि मूळ जागेपासून दोन हातांवर पाण्यात बुडाली. तर पाणी किती खोल? आठवी-नववीच्या मुलांना पायथागोरस येतो, त्यांनी करून बघावं. दुसरं असं. कमळांच्या एका राशीतली एक तृतीयांश शंकराला, एक पंचमांश विष्णूला, एक षष्ठांश सूर्याला आणि एक चतुर्थांश देवीला वाहिली. उरलेल्या सहांनी गुरूंची पूजा केली. तर एकूण कमळं किती? उत्तरं शेवटी सांगेन. आजोबांनी मध्येच ओरडू नये.

ज्येष्ठांना वीस पैशांचं पिवळं नाणं आठवत असेल. १९६८ ते १९७१ या काळातल्या त्या नाण्यावर कमळ होतं. माझ्या आईने त्यातलं एक देव्हाऱ्यात ठेवलं होतं. मी म्हणायचो, "आई, हे चलन आहे, फिरायला हवं." ती म्हणायची, "लक्ष्मी कमळावर बसते, तिला कशाला फिरवतोस?" बँकेच्या माणसाला यावर उत्तर नव्हतं.

बाकीचे उपयोग भराभर सांगतो. बसायला पद्मासन. सन्मानाला पद्मश्री, पद्मभूषण, पद्मविभूषण. हे पद्म सन्मान १९५४ साली सुरू झाले. शिवाजी महाराजांनी जंजिऱ्याच्या सिद्दीसमोर मुरूडच्या समुद्रात किल्ला बांधला, तो पद्मदुर्ग. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात हातात कमळ धरलेला बोधिसत्त्व आहे, तो पद्मपाणी. राष्ट्रीय फूलही कमळच. निवडणूक लागली की दारातल्या रांगोळीतल्या कमळाकडेही माणसं वेगळ्या नजरेने बघू लागतात, पण तो विषय सोडतो. आपल्याला सगळ्यांनी एकाच जिन्याने उतरायचं आहे.

स्वयंपाकघरातही कमळ आहे. आपण ज्याला कमळकाकडी म्हणतो ती चिखलातली आडवी वाढणारी खोडं. सिंधी घरांत तिचे प्रकार फार निगुतीने करतात. चिरल्यावर आतली भोकं नक्षीसारखी दिसतात. आणि उपासाला खातो ते मखाणे? पुष्कळांना वाटतं ते कमळाचं बी. तसं नाही. मखाणे कमळाच्या दूरच्या नातलगाच्या, एका काटेरी पाणवनस्पतीच्या बियांच्या लाह्या. ते पीक मुख्यतः बिहारात होतं. कमळाच्या बिया म्हणजे कमलगट्टा, ज्याची लक्ष्मीच्या जपाला माळ करतात. नाव सारखं वाटलं म्हणून वस्तू एक नसते.

आणि नाव वेगळं असलं म्हणून माणूस दोन नसतो. हे मला ज्या दिवसांत कळायला हवं होतं, त्या दिवसांची ती गोष्ट आता सांगतो.

१९८९ साल असेल. मी एका तालुक्याच्या गावी शाखेत अधिकारी होतो. गावाचं आणि बँकेचं नाव सांगत नाही, कारण चूक माझी होती. एक बाई आल्या, पन्नाशीच्या. नवरा वारला होता. त्याच्या नावावर अकरा हजारांची मुदत ठेव होती. कागद काढला. नामनिर्देशनात लिहिलेलं नाव, पद्मा. पुढे आडनाव. मधलं नाव नाही, नात्याचा रकाना कोरा. मी म्हटलं, "मावशी, रेशनकार्ड घेऊन या." बावीस किलोमीटरवरचं खेडं, एसटी दिवसातून दोनदा.

आठवड्याने त्या कार्ड घेऊन आल्या. कार्डावर नाव, कमल. मी विचारलं, पद्मा कोण? त्यांनी सांगितलं, मीच. माहेरचं नाव पद्मा. लग्न होऊन सासरी आल्या तर सासूचंही नाव पद्मा. आता सासूच्या नावाने सुनेला हाक कशी मारायची? म्हणून सासऱ्यांनी नाव बदललं. पण मुलीला परकं वाटू नये म्हणून अर्थ तोच ठेवला, कमल. सासू गेल्यावर नवऱ्याने बँकेच्या कागदावर बायकोचं जन्माचं नाव लिहिलं. कदाचित त्याला तेच आवडत असेल.

मी म्हटलं, पद्मा या तुमच्या सासूबाई नाहीत, हे कागदावर कसं कळणार? तलाठ्याचा दाखला आणा. तिसऱ्या खेपेला दाखला आणला. त्यात लिहिलेलं, कमल ही मयताची पत्नी. पण कमल म्हणजेच पद्मा, हे त्यातही नव्हतं. तेव्हा त्या जरा थांबून म्हणाल्या, "सायेब, तुमी शिकल्यालं. पद्म म्हंजी कमळच न्हवं?"

मी म्हणालो, "मला माहीत आहे मावशी, पण कागदाला माहीत नाही."

हे उत्तर मला इतकं आवडलं की दुपारी डबा खाताना मी ते सगळ्यांना ऐकवलं. सगळे हसले. फक्त आमचा शिपाई हसला नाही. तो उठून बाहेर गेला. बाई अजून एसटीची वाट बघत पायरीवर बसल्या होत्या. त्यांना घेऊन तो कोर्टासमोरच्या स्टॅम्पवाल्याकडे गेला, प्रतिज्ञापत्राचा मजकूर काय हवा ते विचारून घेतलं, साक्षीला कोण लागेल ते सांगितलं. चौथ्या खेपेला त्या सगळे कागद घेऊन आल्या. 'कमल ऊर्फ पद्मा'. त्या दिवशी पैसे मिळाले. अंगठा मीच घेतला. त्या म्हणाल्या, "लई उपकार झालं." ते त्या मला म्हणाल्या, शिपायाला नाही, हे मला आजही टोचतं.

मंडळी, नियम चुकीचा होता असं मी म्हणत नाही. उद्या दुसरीच पद्मा उभी राहिली असती तर? कागद हवाच होता. पण चार कागद लागणार हे मला पहिल्याच दिवशी माहीत होतं. मी दर वेळी एकच सांगितला. एका 'ऊर्फ'साठी त्या बाईंचे चार दिवसांचे रोज बुडाले आणि चार वेळचं एसटीचं भाडं गेलं. कमळाची वीस नावं मला तेव्हाही पाठ होती. त्यातलं एकही तिच्या उपयोगी पडलं नाही.

ही गोष्ट आज का काढली? मागच्या वर्षी कार्यकारिणीने माझ्याकडे भाग दाखले आणि नामनिर्देशनाचं रजिस्टर तपासायचं काम दिलं. पंचवीस वर्षांत काय काय झालंय बघा. दाखल्यावर सासरचं नाव, आधारवर माहेरचं. कुठे आईचं नाव घरातल्या हाकेचं, कुठे आडनावाचं स्पेलिंग तीन तऱ्हेचं. काहींनी नामनिर्देशन केलेलंच नाही. काहींनी ज्यांचं केलं ती माणसं आता नाहीत. आणि सगळ्यात मोठी फजिती माझ्याच घरची. आमच्या सौ.चं नाव दाखल्यावर एक आणि पॅनकार्डावर दुसरं. छत्तीस वर्षं लोकांकडे 'ऊर्फ' मागणाऱ्याच्या घरात 'ऊर्फ' नव्हता! ते आता केलं आहे.

आपण सगळे एकमेकांना ओळखतो, म्हणून वाटतं, काय अडतंय? पण जेव्हा कागद लागतो तेव्हा आपण बहुधा नसतो. आपलं माणूस असतं, एकटं, आणि टेबलाच्या पलीकडे माझ्यासारखा कोणी असतो.

म्हणून एक विनंती. पुढच्या महिन्यापासून दर रविवारी सकाळी दहा ते बारा मी संस्थेच्या कार्यालयात बसणार आहे. येताना भाग दाखला, आधार, पॅन आणि वीजबिल आणा. विवाहित भगिनींनी लग्नाचा दाखला असल्यास तोही आणावा. काय जुळत नाही, त्यासाठी कोणते कागद लागतील, कुठे मिळतील, हे सगळं एका कागदावर एकाच वेळी लिहून देईन. नामनिर्देशनाचे कोरे अर्ज तिथेच ठेवले आहेत. नात्याचा रकाना कोरा सोडू नका आणि मधलं नाव लिहा. ज्यांना जिना उतरवत नाही त्यांच्याकडे मी वर येईन.

मुलांनो, उत्तरं. पाणी पावणेचार हात खोल, आणि कमळं एकशे वीस. ज्यांची बरोबर आली त्यांना समितीकडून पेढा. ज्यांची चुकली त्यांनाही पेढा, पण रीत समजून घेतल्यावर.

आता दिवा लावू या. हात कमळासारखे नाहीत, ते सौ.नी सांगितलंच आहे. पण रविवारी येणाऱ्या कोणालाही त्याच कामासाठी दुसरी खेप पडू देणार नाही, एवढा या हातांचा शब्द.