स्मृतीचे ऋण



जून १९७७. दक्षिण चीन समुद्रात एक गळकी नाव भरकटत होती. तीत ६६ व्हिएतनामी स्त्री-पुरुष आणि मुले होती. इंधन संपलेले, अन्नपाणीही संपलेले. एप्रिल १९७५ मध्ये सायगाव कम्युनिस्टांच्या हाती पडले, तेव्हापासून अशा नावांचा ओघ सुरू झाला होता. पुढील दोन दशकांत सुमारे ८ लाख माणसे समुद्रमार्गे परक्या किनाऱ्यांना लागली. वाटेत किती जणांना सागराने गिळले, याची नेमकी गणती कोणापाशीच नाही.

त्या ६६ जणांसमोरून अनेक देशांची जहाजे निघून गेली. थांबले ते 'युवाली' हे इस्रायलचे मालवाहू जहाज. परंतु जहाजावर घेतलेल्या या माणसांना उतरवायचे कोठे?

त्याच महिन्यात मेनाकेम बेगिन इस्रायलचे पंतप्रधान झाले होते. त्यांचे आईवडील आणि थोरला भाऊ नाझी नरसंहारात बळी पडले होते. पदावर येताच त्यांनी जे पहिले निर्णय घेतले, त्यांत या निर्वासितांना आश्रय देण्याचा निर्णय होता. त्या वेळी त्यांनी 'सेंट लुई' जहाजाचे स्मरण करून दिले. मे १९३९ मध्ये हे जहाज ९३७ प्रवाशांना घेऊन हॅम्बुर्गहून निघाले. प्रवासी बहुतेक सारे ज्यू. क्यूबाने मूठभरांनाच उतरू दिले, अमेरिकेने दार उघडले नाही. जहाज युरोपला परतले आणि त्यांतील २५४ जण पुढे नरसंहारात मारले गेले.

व्हिएतनामी निर्वासितांचा धर्म, भाषा, वंश सारेच निराळे. तरीही तैवानमार्गे त्यांना विमानाने इस्रायलमध्ये आणले गेले. निवारा मिळाला, हिब्रू शिकण्याची सोय झाली, नागरिकत्वाची वाट मोकळी झाली. १९७९ पर्यंत आणखी दोन तुकड्या आल्या आणि एकूण संख्या साडेतीनशेवर गेली. लाखोंच्या लोंढ्यात हा आकडा लहानच. पण शत्रूंनी वेढलेल्या, सुमारे ३५ लाख लोकवस्तीच्या देशाने तो स्वीकारला होता.

आपल्यावरील अन्यायाची स्मृती प्रत्येक राष्ट्र जपते. तिच्यातून सूड उपजू शकतो, कायमचे रडगाणेही उपजू शकते. बेगिन यांनी त्या स्मृतीला ऋण मानले. जे दार १९३९ मध्ये आपल्या माणसांसाठी बंद झाले, ते १९७७ मध्ये परक्यांसाठी उघडून त्यांनी त्या ऋणाचा एक हप्ता फेडला. ज्या समाजाला स्वतःच्या वेदनांचा इतिहास ठाऊक आहे, त्याने हा हिशेब अधूनमधून स्वतःशी मांडून पाहावा.