आडवी रेघ



सूत्रसंचालकांनी मला ‘आपली इंजिनिअर’ म्हणून बोलावलं. पण मी बोलणार आहे नववीत कापल्या गेलेल्या दोन गुणांबद्दल. त्या दोन गुणांसाठी मी शिक्षकांच्या खोलीपर्यंत भांडायला गेले होते, हे मागच्या बाकांवरच्या मंडळींना नक्की आठवत असेल.

घटक चाचणीत प्रश्न होता : ०.०००४५ ही संख्या वैज्ञानिक रूपात लिहा. मी लिहिलं, ४.५ गुणिले १० चा चौथा घात. बाईंनी दोन्ही गुण कापले. मी म्हटलं, “बाई, आकडे तर सगळे बरोबर आहेत. घातांकाआधीची एक आडवी रेघ तेवढी राहिली.”

बाई रागावल्या नाहीत. वही पुढे सरकवून म्हणाल्या, “तुझं उत्तर पूर्ण लिही.” मी लिहिलं, ४५,०००. “आता प्रश्नातली संख्या त्याच्याखाली लिही. किती पट फरक आहे?” बोटं मोजून उत्तर आलं, दहा कोटी पट! मी मुकाट्याने परत आले. पण खरं सांगते, तेव्हा मनातून पटलं नव्हतं.

बाईंची रीत सोपी होती. दशांशचिन्ह उजवीकडे सरकवत न्यायचं आणि शून्य नसलेला पहिला अंक ओलांडला की थांबायचं. जितक्या उड्या, तितका घातांक. संख्या एकपेक्षा लहान असल्यामुळे तो उणे. “शून्यं मोजू नका, उड्या मोजा,” हे तर आपल्याला पाठच होतं. माणसाच्या तांबड्या रक्तपेशीचा व्यास साधारण ०.०००००७ मीटर असतो. दशांशचिन्हापुढे शून्यं पाच, पण उड्या सहा. म्हणून ७ गुणिले १० चा उणे सहावा घात. इलेक्ट्रॉनचं वस्तुमान किलोग्रॅममध्ये साधं लिहायला गेलो, तर दशांशचिन्हापुढे तीस शून्यं मांडावी लागतात. ती मोजताना कोणाचीही चूक होईल. वैज्ञानिक रूपात तेच ९.१ गुणिले १० चा उणे एकतिसावा घात, एवढ्यात संपतं.

आता काही वर्षांपूर्वीची गोष्ट. प्रयोगशाळेतल्या वजनांच्या नोंदी ठेवणारा एक प्रोग्रॅम आम्ही करत होतो. चाचणीच्या वेळी नुकतीच नोकरीला लागलेली एक मुलगी म्हणाली, “मॅडम, मी ०.०००००५ पेक्षाही लहान, ०.०००००0५ ग्रॅम भरलं, तर स्क्रीनवर ५ ग्रॅम येतंय.” मी मान वर न करता म्हटलं, “तूच चुकीचं भरलं असशील.” ती बिचारी गप्प बसली. दुसऱ्या दिवशी मी स्वतः तपासलं, तेव्हा चूक सापडली. ती ओळ माझीच होती.

जावास्क्रिप्ट ही संगणकाची भाषा इतकी लहान संख्या मजकुरात बदलताना आपोआप वैज्ञानिक रूपात लिहिते : आधी ५, मग इंग्रजी ई हे अक्षर, मग उणे ७. मला फक्त पूर्णांक हवा होता, म्हणून मी वापरलेली आज्ञा तो मजकूर अंक संपेपर्यंतच वाचत होती. तिने ५ वाचला, ई पाशी थांबली, आणि उणे ७ वाचलंच नाही. शून्य यायचं तिथे पाच आला. मूळ वजनाच्या एक कोटी पट! नववीत मी जे केलं होतं, तेच माझा प्रोग्रॅम करत होता.

प्रोग्रॅम अजून कोणाच्या हातात गेला नव्हता, म्हणून निभावलं. मी त्या मुलीला बोलावलं, सगळ्यांसमोर तिची माफी मागितली, आणि कागदावर दोन्ही संख्या एकाखाली एक पूर्ण लिहून दाखवल्या. लिहिता लिहिता लक्षात आलं, की हे मी बाईंकडून शिकले आहे. फक्त मुलगी विचारायला आली तेव्हा न रागावता ऐकून घ्यायचं, हे शिकायला मला तीस वर्षं लागली.

बाई, त्या दिवशी मी दार आपटून गेले होते. त्याबद्दल आज सगळ्यांसमोर क्षमा मागते. ते दोन गुण तुम्ही कापलेत ते बरोबरच होतं.